एकोणीस वर्षांचा मामेभाऊ

समलिंगी जोडप्यांचं स्वागत करण्याचा ठराव आमच्या इमारतीने एकमताने मंजूर केला, तेव्हा मी आणि धाकटा सभेत दुसऱ्या रांगेत बसलो होतो. हात वर करायची वेळ आली तेव्हा आम्हीही केले. धाकट्याने जरा उशिरा केला, पण तो सगळ्यालाच उशीर करतो, त्यामुळे कुणाच्या लक्षात आलं नाही.

कायदा नुकताच झाला होता. एकत्र राहणाऱ्या दोन पुरुषांना किंवा दोन बायकांना आता सरकारदरबारी जोडीदार म्हणून नाव नोंदवता येणार होतं. समोरच्या इमारतीने आठवड्यापूर्वीच फाटकावर पाटी लावली होती, 'येथे सर्वांचे स्वागत आहे'. समोरच्यांनी काही केलं की आपण ते दीडपट करायचं, हा आमच्या सेक्रेटरींचा शिरस्ता. आमची पाटी लिफ्टमध्ये लागली आणि तिच्यात दोन रंग जास्त होते.

"एकच खंत आहे," सेक्रेटरी समारोपात म्हणाले. "आपण एवढे पुढारलेले, पण आपल्याकडे असं एकही जोडपं नाही. समोर दोन आहेत म्हणे."

"येईल हो एखादं," तिसऱ्या मजल्यावरच्या काकू म्हणाल्या. "मात्र चांगल्या घरातलं यायला हवं."

मग सगळे चहाकडे वळले आणि काकूंनी धाकट्याला गाठलं. "तुमच्यासाठी एक स्थळ आहे. घटस्फोटित आहे, पण स्वभावाला चांगली आहे. तुमच्या थोरल्यांना म्हणावं, भावाचं आता तरी बघा."

"त्यांना वेळ कुठे असतो," धाकटा म्हणाला.

थोरला म्हणजे मी. धाकटा माझ्यापेक्षा चार महिन्यांनी लहान आहे, आणि तेवढ्या भांडवलावर इमारतीने आमची नावं पाडली. मी वजनमापं निरीक्षक आहे. दुकानोदुकानी जाऊन तराजू खरं बोलतात की नाही ते बघायचं आणि बोलत असतील तर शिक्का मारायचा, असं काम. धाकट्याचं कोपऱ्यावर चष्म्यांचं दुकान आहे. इमारतीतल्या निम्म्या नाकांवर त्याच्या फ्रेमा आहेत.

एकोणीस वर्षांपूर्वी आम्ही ही जागा बघायला आलो, तेव्हाही सेक्रेटरी हेच होते. तेव्हा त्यांचे केस काळे होते आणि मतंही. "एकट्या पुरुषांना जागा देत नाही आम्ही. कुटुंब लागतं," ते म्हणाले. मी सांगितलं, माझी आई आमच्याबरोबर राहणार आहे. त्यांनी धाकट्याकडे बोट केलं. "आणि हे कोण?"

आम्ही दोघांनी दोन उत्तरं तयार केली होती, आणि ती जुळत नव्हती हे आम्हाला एकमेकांकडे बघून त्याच क्षणी कळलं. आई स्वयंपाकघरात नळ सोडून पाण्याचा जोर बघत होती. नळ बंद करून ती दारात आली.

"माझ्या भावाचा मुलगा आहे तो," ती म्हणाली. "पोरका आहे."

आईला भाऊ नाही. ती एकुलती एक.

पण एकदा भाऊ झाला म्हटल्यावर त्याला वाढवणं भाग होतं. पहिल्या वर्षी तो नुसताच वारलेला होता. मग कुणी विचारलं तेव्हा वनखात्यात लागला. पुढे त्याला दमा झाला. तो चहात दोन चमचे साखर घ्यायचा, शीळ सुंदर घालायचा आणि बहिणीवर त्याचा फार जीव होता. आमच्या खऱ्या नातेवाइकांपेक्षा तो कितीतरी बरा माणूस निघाला. धाकट्यालाही तो आवडायचा. त्याचे खरे वडील दुसऱ्या गावी धडधाकट आहेत. आमचं कळलं त्या दिवशी त्यांनी लेकाच्या तोंडावर दार लावलं, ते अजून उघडलेलं नाही. त्यामानाने हा मेलेला बाप प्रेमळ होता. धाकटा आईला आत्या म्हणायला लागला, आधी लोकांसमोर आणि मग घरातही. इमारतीच्या वहीत नोंद झाली, 'मामेभाऊ'. तीच पुढे सरकारी नोंदीत गेली.

ठरावानंतर पंधरा दिवसांनी धाकटा दुकानाच्या तीन पायऱ्या चढताना दम लागून खाली बसला. हृदयाची झडप बदलायला हवी असं निघालं. डॉक्टरांनी ऑपरेशनला अकरावा दिवस दिला आणि सांगितलं, "बाराव्या दिवसाची जबाबदारी मी घेणार नाही."

घरी येऊन धाकट्याने बूट काढले आणि म्हणाला, "नाव नोंदवायचं आपण. मी आत जाण्याआधी."

"तू बरा झालास की सावकाश करू."

"परत नाही आलो तर मामेभाऊ म्हणून जायचं नाहीये मला."

"परत येणारच आहेस तू."

"मग तर काहीच हरकत नाही," तो म्हणाला, आणि फॉर्मवर सही करून मोकळा झाला.

नोंदणी कार्यालयात मी एकटाच गेलो. खिडकीमागे एक पंचविशीतली बाई होती. टेबलावर रंगीत छोटा झेंडा. "अभिनंदन," ती फॉर्म बघायच्या आधीच म्हणाली. मग तिने पडद्यावर आमची नोंद काढली. "इथे तर हे तुमचे मामेभाऊ दिसतायत."

"ते खोटं आहे."

"खोटं कोणी लिहिलं?"

"आम्हीच."

"का पण?" तिने मनापासून विचारलं. मी तिच्या वयाकडे बघितलं आणि म्हणालो, "जागा मिळत नव्हती."

तिने नियम समजावून सांगितले. अगदी गोड बोलून. रक्ताच्या नात्यातल्यांना जोडीदार होता येत नाही, म्हणून आधी नातं रद्द करायला हवं. त्यासाठी इमारतीचा दाखला, आणि आपल्याला भाऊ नव्हता असं आईचं लेखी निवेदन. मग फॉर्म दिला की तीस दिवस बाहेरच्या काचेच्या फळ्यावर नोटीस. कुणाची हरकत आली नाही तर एकतिसाव्या दिवशी जोडीदार.

"आणि त्या तीस दिवसांत मी त्याचा कोण?"

तिने पडद्यावर खालीवर केलं. "रकाना रिकामा राहतो."

"दवाखान्यात सही लागली तर?"

"दवाखान्याला हीच नोंद दिसते. मग वडील करतील ना. हयात आहेत त्यांचे, हे बघा." तिला माझा चेहरा बघून वाईट वाटलं असावं. "ऑपरेशन पुढे नाही का ढकलता येणार?"

सेक्रेटरींनी सगळं शांतपणे ऐकून घेतलं. चष्मा काढून पुसला, धाकट्यानेच केलेला, आणि परत लावून माझ्याकडे नवीन माणूस बघावा तसं बघितलं.

"तुम्ही तसे आहात याचं मला काहीच नाही," ते म्हणाले. "उलट आनंदच आहे. ठराव माझाच आहे."

"हो ना."

"पण खोटं? एकोणीस वर्षं? माझ्या तोंडावर?"

"खरं सांगितलं असतं तर तुम्ही जागा दिली नसती."

"अर्थात नसती दिली. तेव्हा कोण देत होतं? पण म्हणून खोटं बोलायचं? लोकांचे तराजू तपासता हो तुम्ही."

त्यांनी कपाटातून एक जुनी फाईल काढली आणि एक कागद माझ्यापुढे सरकवला. मी तो न वाचता ओळखला. अकरा वर्षांपूर्वी तळमजल्यावर दोन शिक्षिका राहायच्या. त्या नुसत्या मैत्रिणी नाहीत, हे कुणाच्या तरी ध्यानात आलं. मुलांवर परिणाम होतो म्हणून त्यांना जागा सोडायला सांगणारा अर्ज फिरला. तेवीस सह्या झाल्या, आणि पंधरवड्यात त्या गेल्या. पहिल्या तीन सह्या समितीच्या होत्या. चौथी माझी होती. मी ती जरा घाईनेच केली होती, म्हणजे माझ्याकडे कुणाचं लक्ष जायला नको. धाकट्याला म्हणालो होतो, तात्पुरतं आहे, विषय थंड झाला की संपेल. धाकटा खाली जाऊन त्या दोघींची खोकी ट्रकवर चढवून आला, आणि त्यानंतर आठ दिवस घरात फक्त आत्याशी बोलला.

"मी दोष देत नाहीये," सेक्रेटरी म्हणाले. "उलट बघा ना. यावर माझी सही आहे, तुमचीही आहे. आणि आज? किती लांब आलोय आपण."

'आपण' म्हणताना त्यांनी चष्मा काढून परत पुसला. खोटं नव्हतं ते. मी अशा गोष्टी ओळखतो.

मग त्यांनी क्रम ठरवून दिला. आधी माफीनामा, मग दाखला, मग पुढच्या महिन्याच्या सभेत आमचा दोघांचा सत्कार.

"सत्कार कशाला?"

"समोरच्यांनी केलाय."

माफीनामा त्यांनी सांगितला आणि मी लिहिला. 'मी कोणत्याही दबावाशिवाय समितीची दिशाभूल केली.' दबावापाशी माझं पेन थांबलं.

"ते लागतं," ते म्हणाले. "नाहीतर समितीने दबाव आणला होता असं वाटेल वाचणाऱ्याला."

मी लिहिलं. त्यांनी तिथल्या तिथे दाखला दिला आणि दारापर्यंत सोडायला आले. माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "काही लागलं तर हक्काने सांगा. आता तुम्ही आमचेच."

आता आईचं निवेदन राहिलं होतं. ती खिडकीशी मटार सोलत बसली होती.

"मला भाऊ नव्हता असं लिहून देऊ?"

"नव्हताच ना, आई."

"तुला काय माहीत. सांभाळलाय कोणी एवढी वर्षं? तू?" तिने एक शेंग मोडली. ती पोकळ निघाली, तर बाजूला ठेवली. "दम्यात किती हाल झाले त्याचे."

मी तिच्यासमोर बसलो आणि एकोणीस वर्षांत कधी न विचारलेलं विचारलं. "तुला आमचं तेव्हाच माहीत होतं?"

"माहीत नसतं तर भाऊ कशाला लागला असता मला?"

तिने पुढची शेंग सोलली. मग ती म्हणाली, "देईन लिहून. पण आत्ता नाही. आत्ता त्याला आत्या लागणार आहे. तो बाप येऊन बसला तर आपल्या दोघांना जिन्यात उभं करेल. पोरगं उठू दे, मग दहा वेळा लिहून देते."

"निदान नोटीस तरी आत जायच्या आधी लागायला हवीय त्याला."

"मग सांग त्याला, लावली नोटीस म्हणून." ती शेंगांकडेच बघत होती. "कोण जाणार आहे बघायला."

ऑपरेशनच्या आदल्या दिवशी धाकट्याने विचारलं, "लागली?"

"लागली."

"कुठे?"

"काचेत. डावीकडे, वरून दुसरी." तपशील दिला की माप पटतं, एवढं नोकरीने मला शिकवलंय.

"आपल्या वर कोण आहे?"

"एक बाई आणि एक बाप्या."

तो हसला. "असू देत. त्यांनाही वाटत असेल काहीतरी." मग पलंगावर आडवा झाला. कितीतरी दिवसांनी त्याला लगेच झोप लागली. मी सही केलेला फॉर्म कोटाच्या आतल्या खिशात ठेवून बाजूला बसून राहिलो.

दवाखान्यात नर्सने संमतीचा कागद पुढे केला. 'पेशंटशी नाते' यापुढे मी सवयीने मामेभाऊ लिहिलं. मग लक्षात आलं, तो माझा मामेभाऊ म्हणजे मी त्याचा आतेभाऊ. एवढ्या वर्षांत त्याच्या बाजूने हे नातं कधी लिहायची वेळच आली नव्हती. मी खोडून आतेभाऊ लिहिलं.

नर्सने खाडाखोड बघितली. "नातं नक्की आहे ना?"

"मी आत्या त्याची," आई मागून म्हणाली. ती दारात उभी होती, पर्स दोन्ही हातांनी धरून. "हा माझा मुलगा. गोंधळलाय जरा. त्याचे वडील माझे सख्खे भाऊ, त्यांचीही छातीच नाजूक होती. दम्याने गेले हो."

नर्सने पडद्याकडे न बघताच पेशंटच्या घराण्यात दमा असल्याची नोंद केली आणि कागद घेऊन गेली.

पाच तासांनी डॉक्टर बाहेर आले आणि 'आतेभाऊ कोण' म्हणून विचारलं. मी उभा राहिलो. झडप बसली होती.

तिसऱ्या दिवशी धाकटा उशीला टेकून बसला. आई डबा धुवायला गेली होती.

"नोटीस आहे ना अजून?" त्याने विचारलं.

"आहे."

"डावीकडे?"

"डावीकडेच."

त्याने चष्मा लावला आणि मांडीवरची फाईल उघडली. पलंगाच्या पायाशी अडकवलेली असते ती. कधी मागून घेतली होती कोण जाणे. बारीक अक्षर वाचणं हा त्याचा धंदाच आहे.

"इथे सही आहे आतेभावाची. तारीख ऑपरेशनची. नोटीस लागली की रकाना रिकामा असतो, असं तूच सांगितलं होतंस." त्याने पान उलटलं. "माझ्या वडिलांना दमा होता असंही लिहिलंय."

"नाहीतर तुझे खरे वडील आले असते इथे."

"माहीत आहे."

"तुझ्यासाठीच केलं."

"तेही माहीत आहे. त्या दोघींच्या वेळी सही केलीस तीही माझ्यासाठीच. तात्पुरती." त्याला बोलताना टाके ओढत होते, त्यामुळे तो अगदी हळू आणि नीट बोलत होता. "इमारतीला आपण काय सांगतो ते ठीक होतं रे. घरात तिघं खरं बोलतो असं वाटत होतं मला."

आई डबा घेऊन आली तेव्हा त्याने हात पुढे केला. "फॉर्म दे." मी खिशातून काढून दिला. त्याने तो चार घड्या घालून चष्म्याच्या केसमध्ये ठेवला आणि केस बंद केली. "राहू दे माझ्याकडे."

आईने शब्द पाळला. तो घरी आला त्या दुपारी ती कागद घेऊन बसली, आणि तीन शब्द लिहायला तिला चहापर्यंतचा वेळ लागला. 'मला भाऊ नव्हता.' खाली सही. मी तो कागद आणि दाखला घेऊन धावत नोंदणी कार्यालयात गेलो. निदान माझ्याकडून आता काही बाकी नाही, हे धाकट्याला दिसावं म्हणून. त्या बाईने तत्परतेने नातं रद्द केलं. "रकाना रिकामा झाला," ती म्हणाली. "आता फक्त फॉर्म आणा."

फॉर्म केसमध्ये आहे. केस धाकट्याच्या टेबलाच्या खणात आहे, बारक्या स्क्रूंच्या डब्याशेजारी. खणाला कुलूप नाही. मी तो उघडलेला नाही.

मी दोनदा विषय काढला. दोन्ही वेळा तो म्हणाला, "बघू," आणि माझ्या तब्येतीची चौकशी केली. रागावलेला नाही तो. सकाळी माझा रुमाल काढून ठेवतो, छत्री घेतलीस का विचारतो, संध्याकाळी दिवस कसा गेला ते ऐकून घेतो आणि आपल्या खोलीत जातो. पूर्वी दार लावलं की आम्ही भाऊ नसायचो. आता दार लावल्यावरही असतो.

बाकी सगळे तयार आहेत. नोंदणीवाली बाई दर सोमवारी फोन करून विचारते. काकूंनी घटस्फोटित बाईला कळवून टाकलं आणि वर मला सुनावलं, "आधी सांगायचं नाही का, माझे किती फोन वाया गेले." लिफ्टमध्ये लोक आमच्यासाठी दार धरून उभे राहतात. जिन्याने जायची सोय राहिलेली नाही.

सत्कार ठरल्याप्रमाणे झाला. दोन खुर्च्या सगळ्यांसमोर मांडल्या होत्या, हात असलेल्या. सेक्रेटरींनी आधी माझा माफीनामा वाचून दाखवला, मग पुष्पगुच्छ दिला. इमारत किती लांब आली यावर ते वीस मिनिटं बोलले. कुठून निघाली होती, त्याचा उल्लेख राहून गेला. शेवटी ते म्हणाले, "आता धाकट्यांनी दोन शब्द बोलावेत. आम्ही तुम्हाला आजवर चुकीच्या नात्याने ओळखत होतो. आज तुम्हीच सांगा."

धाकटा छातीवर हात धरून हळूहळू उभा राहिला. त्याने माझ्याकडे बघितलं, अगदी प्रेमाने बघितलं असं कुणीही म्हणालं असतं.

"मी ह्यांचा मामेभाऊ," तो म्हणाला आणि खाली बसला.

सभागृह हसून हसून पडलं. सेक्रेटरी टाळ्या वाजवत म्हणाले, "हजरजबाबी आहेत, हजरजबाबी." मीही हसलो. समोर खुर्ची मांडून बसवलेल्या माणसाला दुसरं काही करता येत नाही.

आई दुसऱ्या रांगेत होती, ठरावाच्या दिवशी आम्ही बसलो होतो तिथेच. ती हसली नाही. तिने पर्समधून रुमाल काढला, नाक पुसलं आणि शेजारी बसलेल्या काकूंना म्हणाली, "अगदी माझ्या भावावर गेलाय."